साडेपाच गुणांची जोड

14 जानेवारी 2018. त्या वर्षी संक्रांत रविवारी आली होती. आबा आणि आई हिवाळ्यात आमच्याकडे न्यू जर्सीला, एडिसनला आलेले. "थंडीचं कशाला बोलावलंस रं" हे आबांचं पालुपद आल्या दिवसापासून सुरू होतं. आई आणि बायको सकाळपासून तिळाच्या वड्या थापत होत्या आणि मी दुपारपासून टीव्हीसमोर. अमेरिकन फुटबॉलच्या प्लेऑफचे, म्हणजे सीझनच्या शेवटच्या बाद फेऱ्यांचे दिवस. सोबत ऑफिसातला एक मित्र, मूळचा पिट्सबर्गचा. त्याचे स्टीलर्स दुपारी घरच्या मैदानावर जॅक्सनव्हिलकडून 45-42 असे हरले होते. आईनं त्याच्या हातावर वडी ठेवून "गोड बोला" म्हटलं, मी भाषांतर करून सांगितलं, तर तो नुसता वडीकडे बघत बसला. गोड बोलण्याची त्याची अवस्था नव्हती.

दुसरा सामना मिनेसोटा व्हायकिंग्ज आणि न्यू ऑर्लीन्स सेंट्स यांचा. व्हायकिंग्ज अर्ध्या वेळेला 17-0 असे पुढे होते, म्हणून मी निवांत. मग सेंट्स एकेक करून वर येत गेले आणि 25 सेकंद उरलेले असताना 24-23 अशी आघाडी घेऊन बसले. मी उठून उभा. शेवटचे 10 सेकंद. एंड झोन, म्हणजे जिथं चेंडू नेला की टचडाऊन होतो ती पट्टी, 61 यार्ड लांब. व्हायकिंग्जचा क्वार्टरबॅक केस कीनमनं चेंडू उजव्या कडेला उंच फेकला, स्टेफॉन डिग्जनं हवेत उडी घेऊन तो झेलला, त्याला पाडायला आलेला सेंट्सचा गडी नको तेवढा खाली वाकला आणि त्याला न शिवताच पलीकडे गेला. डिग्ज पडता पडता सावरला, वळून बघितलं तर समोर कोणीच नाही. धावत सुटला. घड्याळात शून्य. 29-24.

आबांना या खेळातलं काही कळत नाही, पण गडी निसटला हे कळलं. "सुटला रं!" म्हणून त्यांनी मांडीवर थाप मारली. अगदी मैदानात मारतात तशी.

खरी गोष्ट त्याच्या पुढची आहे. टचडाऊनचे सहा गुण मिळाले की त्यानंतर एका जादा गुणासाठी किक मारायची असते. सामना संपला होता, निकाल बदलणार नव्हता, सेंट्सची बरीच माणसं ड्रेसिंग रूममध्ये निघूनही गेली होती. पण तेव्हाच्या नियमाप्रमाणे तो सोपस्कार पार पाडायलाच हवा होता. लोक मैदानभर नाचतायत, आणि पंच सेंट्सच्या लोकांना परत बोलावतायत असं ते दृश्य. शेवटी आठजण आले. त्यांत त्यांचा पंटर, म्हणजे चेंडू लांब लाथाडणारा गडी, थॉमस मॉर्स्टेड होता, बरगड्या दुखावलेल्या असतानाही. दोन्ही संघ समोरासमोर उभे राहिले, चेंडू कीनमच्या हातात आला आणि त्यानं नुसता गुडघा टेकला. किक नाही, काही नाही. संपलं.

मी डोक्याला हात लावला.

"जिंकलं की तुझं," आबा म्हणाले.

"ते जिंकले आबा. मी हरलो."

आता हे आबांना समजावून सांगणं भाग होतं, आणि तिथंच माझी पंचाईत झाली. कारण तोवर मला वाटत होतं की मला ते कळलंय.

आमच्या ऑफिसात एक पूल चालायचा. सीझनच्या सुरुवातीला वीस डॉलर टाकायचे आणि दर आठवड्याला सहा सामने निवडायचे. पण कोण जिंकणार एवढंच सांगून भागत नाही. प्रत्येक सामन्याला एक आकडा लावलेला असतो, त्याला म्हणतात पॉइंट स्प्रेड, बोलताना नुसतं 'लाइन'. त्या दिवशी आमच्या कागदावर व्हायकिंग्जच्या नावापुढे उणे साडेपाच लिहिलेलं होतं. म्हणजे व्हायकिंग्ज फेवरिट, त्यांच्या गुणांतून साडेपाच वजा करायचे आणि मग बघायचं कोण पुढे राहतं. व्हायकिंग्ज सहानं जिंकले तर त्यांनी 'कव्हर' केलं. पाचनं जिंकले तर मैदानावर ते जिंकले आणि कागदावर सेंट्स जिंकले. कीनमनं किक मारू दिली असती आणि ती आत गेली असती तर 30-24, फरक सहा. त्यानं गुडघा टेकला, फरक पाच. माझं नाव व्हायकिंग्जपुढे होतं.

आबांनी सगळं ऐकून घेतलं. आमच्या गावच्या जत्रेत कुस्त्यांचं मैदान होतं, तिथं जोडी लावायच्या पंचांत आबा कित्येक वर्षं बसायचे. ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगतो: सकाळपासून पोरं लंगोट लावून येतात, वस्ताद त्यांना पंचांपुढे उभं करतात, दोघांना शेजारी शेजारी उभं करून खांद्याला खांदा लावून बघतात, दंडाला हात लावतात, कुठल्या तालमीचा विचारतात, आणि मग 'जोड लागली' म्हणून इनामाचा आकडा सांगतात. जोड नीट लागली तर कुस्ती रंगते. नाहीतर हलगी घुमायच्या आत एकजण आकाश बघतो आणि लोक शिव्या घालतात. पंचांना, पैलवानाला नव्हे.

म्हणून मी आबांना म्हटलं, "हे तुमच्या जोड लावण्यासारखंच आहे. एक संघ तगडा, एक कच्चा, मग कच्च्याला साडेपाच गुण देऊन बरोबरीला आणायचं."

आबांनी मान हलवली. "न्हाई न्हाई. आमी माणूस बदलतो. तुमी निकाल बदलताय."

पिट्सबर्गच्या मित्राला मी हे वाक्य इंग्रजीत सांगितलं, तेव्हा त्या दिवसात पहिल्यांदा तो हसला.

आबांचं बरोबर होतं, आणि हे ज्याच्या डोक्यातून निघालं त्यालाही ते बहुधा पटलं असतं. चार्ल्स मॅकनील हा कनेक्टिकटमधला गणिताचा मास्तर. शिकवणं सोडून तो शिकागोत आधी पैजा लावू लागला, मग स्वतःच बुकी झाला, आणि 1940 च्या दशकात स्प्रेडची पद्धत रूढ केल्याचं श्रेय साधारणपणे त्याला दिलं जातं. त्याच्या आधी असायचे ते नुसते भाव. आपल्याकडे क्रिकेटच्या सट्ट्यात फेवरिटचा भाव पैशांत बोलतात तसेच. पण भावाची अडचण ही की सामना फारच एकतर्फी असला तर तगड्यावर लावून हाती काही येत नाही आणि कच्च्यावर लावायला कोणी धजत नाही. असल्या सामन्यांवर बुकी पैजच घ्यायचा नाही. मॅकनीलनं प्रश्नच बदलला. कोण जिंकणार, हे विचारायचंच नाही. किती गुणांनी, एवढंच विचारायचं. मग वर्षभर मार खाणारा संघही लावण्यालायक होतो, आणि 30-3 असा निकाल लागलेला सामनाही शेवटच्या मिनिटापर्यंत कुणाच्या तरी पोटात गोळा आणतो. मास्तर माणूस. 'उत्तर किती' यापेक्षा 'फरक किती' हा प्रश्न पोरांना जागं ठेवतो, हे त्याला वर्गात कळलं असावं असं मला उगाच वाटतं.

या साडेपाचातला 'साडे' मात्र बघण्यासारखा आहे. फुटबॉलमध्ये अर्धा गुण कुणालाच मिळत नाही. टचडाऊनचे सहा, त्यानंतरच्या किकचा एक, फील्ड गोलचे तीन, सेफ्टीचे दोन. सगळे पूर्ण आकडे. मग हा अर्धा कशाला? तर बरोबरी होऊ नये म्हणून. लाइन पूर्ण तीनची असली आणि फेवरिट बरोबर तीननं जिंकला तर त्याला 'पुश' म्हणतात, सगळ्यांचे पैसे परत. आमच्याकडे कुस्ती बरोबरीत सोडवतात तसं. पण त्यात इनाम निम्मं निम्मं वाटून दोघांना फेटे तरी बांधतात. इथं नुसताच वेळ गेलेला. तो अर्धा गुण म्हणजे बरोबरीची वाट बुजवणारा दगड आहे.

आणि सगळे अर्धे सारख्या किमतीचे नसतात. गुण तीनच्या आणि सातच्या पटीत पडत जातात, त्यामुळे सामन्यातला शेवटचा फरकही त्याच आकड्यांवर येऊन साचतो. एनएफएल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलची मुख्य लीग, तिच्या साधारण सात सामन्यांतला एक बरोबर तीन गुणांच्या फरकानं संपतो. त्याखालोखाल सात. म्हणून आठवरून साडेआठ झाली तर कुणी मान वर करत नाही, पण अडीचाची लाइन साडेतीन झाली की या धंद्यातली माणसं खुर्चीत सरळ होतात. आपल्याकडे मुहूर्त साडेतीन, शक्तिपीठं साडेतीन, पेशवाईतले शहाणेही साडेतीन आणि माणसाचा देह आपल्याच हातानं साडेतीन हात. अमेरिकनांनी हा आकडा आपल्याला न विचारता घेतलाय असं माझं मत आहे.

साडेतीनची सगळ्यात मोठी गोष्ट लास व्हेगासची. जानेवारी 1979, तेरावा सुपर बोल, म्हणजे सीझनचा अंतिम सामना, स्टीलर्स विरुद्ध डॅलस काउबॉइज. लाइन उघडली ती स्टीलर्स उणे साडेतीनवर. स्टीलर्सवर पैसा लोटला, म्हणून बुकींनी ती चारवर आणि पुढे साडेचारवर नेली. मग काउबॉइजवर पैसा लोटला. बुकींना वाटलं, छान, दोन्ही पारडी भरली. सामना लागला 35-31. फरक चार. ज्यांनी साडेतीनला स्टीलर्स घेतले होते ते जिंकले आणि ज्यांनी साडेचारला काउबॉइज घेतले होते तेही जिंकले. दोन्ही पारड्यांना पैसे मोजावे लागले. व्हेगासमध्ये त्या दिवसाला 'ब्लॅक संडे' म्हणतात. माझा मित्र पिट्सबर्गचा असल्यामुळे त्याच्या घरी तो सणाचा दिवस.

यावरून एक गोष्ट मला उशिरा कळली, आणि बहुतेक नव्या माणसांना उशिराच कळते. तो आकडा म्हणजे भविष्य नाही. व्हायकिंग्ज साडेपाचनं जिंकतील असं कुणी म्हणत नव्हतं. तो भाव आहे. बाजार समितीत कांद्याला पुकारतात तसा. क्वार्टरबॅकचा घोटा दुखावल्याची बातमी बुधवारी आली की हलतो, मोठ्या माणसानं मोठी रक्कम लावली की हलतो. बुकी प्रत्येक वेळी दोन्हीकडे सारखाच पैसा करून बसतो हेही पूर्ण खरं नाही, कधी कधी तो स्वतःही एका बाजूला झुकतो. 1969 च्या सुपर बोलमध्ये बाल्टिमोर कोल्ट्स 18 गुणांनी फेवरिट होते. न्यूयॉर्क जेट्सचा जो नेमथ आधीच्या आठवड्यात सांगत सुटला होता की आम्ही जिंकणार, मी हमी देतो. जेट्स 16-7 असे जिंकले. आकडा चुकला असं लोक अजून म्हणतात. पण त्या आकड्यावर लोक पैसे लावत होते ना, मग त्याचं काम झालं होतं.

बुकीचं पोट भरतं ते दुसरीकडे. शंभर डॉलर जिंकायचे तर एकशेदहा लावायचे, हा रिवाज. वरचे दहा म्हणजे व्हिग, आपली दलाली. ऐकायला किरकोळ. मी त्या सीझनचा माझा कागद काढून हिशेब केला. प्लेऑफ सोडून 17 आठवडे, आठवड्याला सहा, एकूण 102 निवडी. बरोबर आलेल्या 51. एकही कमी नाही, एकही जास्त नाही. चार महिने दुखापतींच्या बातम्या वाचल्या, हवामान बघितलं, वारा किती ते बघितलं, आणि फळ काय, तर नाणं उडवल्यासारखं. पूलमध्ये माझे वीसच डॉलर गेले. पण प्रत्येक निवडीवर बुकीकडे एकशेदहा लावले असते, तर 51 वेळा शंभर आले असते आणि 51 वेळा एकशेदहा गेले असते. अर्धं बरोबर येऊन 510 डॉलरचा खड्डा. नुसतं खड्ड्याबाहेर राहायचं तरी शंभरात साडेबावन्नच्या आसपास बरोबर यावं लागतं. वर्षानुवर्षं ते करणारे फार थोडे असतात, आणि ते आमच्या ऑफिसात तरी नोकरी करत नव्हते.

मित्राचं दुःख वेगळं. तेही त्यानं त्याच संध्याकाळी सांगितलं, तिसरी वडी खाताना. नोव्हेंबर 2008, पिट्सबर्ग, स्टीलर्स विरुद्ध सॅन डिएगो चार्जर्स. लाइन स्टीलर्स उणे साडेचार, आणि यानं एका बारमधल्या बुकीकडे स्टीलर्स घेतलेले. स्टीलर्स 11-10 पुढे, शेवटचा क्षण, चार्जर्स घाबरून चेंडू एकमेकांकडे मागे मागे फेकतायत, तेवढ्यात स्टीलर्सच्या ट्रॉय पोलामालूनं सुटलेला चेंडू उचलला आणि एंड झोनमध्ये नेला. टचडाऊन. 17-10. मित्र बारमध्ये सगळ्यांना बिअर पाजायला निघाला. मग पंचांनी पुन्हा बघितलं आणि सांगितलं की आधीचा पास बेकायदा होता, टचडाऊन रद्द. निकाल 11-10. एनएफएलच्या इतिहासात त्याआधी 11-10 हा निकाल कधी लागलाच नव्हता. सामन्यानंतर पंच स्कॉट ग्रीननं मान्य केलं की चूक आमची, टचडाऊन द्यायला हवं होतं. स्टीलर्स जिंकलेच होते, त्यामुळे मैदानावर कुणाचंच काही बिघडलं नाही. "माझा संघ जिंकला," मित्र म्हणाला, "आणि मला दहा वर्षांत विसरता आलं नाही."

आबांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी एकच प्रश्न विचारला. "त्या खेळणाऱ्या पोरांना ठावं असतं का ह्ये? किती लावलंय त्ये?"

मी म्हटलं, कीनमला त्या क्षणी साडेपाच आठवला असेल असं वाटत नाही. त्याला घरी जायचं होतं. पण प्रश्न साधा नव्हता. 1951 मध्ये न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजच्या बास्केटबॉल खेळाडूंना अटक झाली होती. आदल्याच वर्षी देशातल्या दोन्ही मोठ्या स्पर्धा जिंकलेली ती टीम. पैसे घेऊन ते काय करत होते? हरायलाच हवं असं नव्हतं. स्प्रेडपेक्षा कमी फरकानं खेळत होते. जिंकायचं, पण जरा कमी. त्याला नाव आहे पॉइंट शेव्हिंग, गुण तासणं. हरण्यासाठी पैसे घ्यायला माणसाचं मन धजत नाही एखाद्या वेळी. पण तीन कमी गुणांनी जिंकायचं, त्यात कुणाचं काय जातं, असं विसाव्या वर्षी वाटू शकतं. ज्या पद्धतीनं प्रश्न 'कोण'वरून 'किती'वर आणला, तिनंच ही फट ठेवली.

आबा काही बोलले नाहीत. जत्रेत पैलवानांची नुरा कुस्ती त्यांनी बघितलेली आहे, दोघांनी आधीच ठरवून लढलेली. नाव घेत नाहीत.

आपल्याला हे सगळं परकं वाटतं, पण फार नाही. आपला मटका सुरू झाला तोच न्यूयॉर्कच्या आकड्यांवर. न्यूयॉर्क कॉटन एक्स्चेंजचे कापसाचे उघडते आणि बंद होते दर मुंबईत तारेनं यायचे आणि लोक त्यावर लावायचे. ते बंद झाल्यावर साठच्या दशकात चिठ्ठ्या मडक्यात आल्या. एडिसनच्या माझ्या घरापासून ते एक्स्चेंज होतं तिथं ट्रेननं तासाभरात जाता येतं. मुंबईचा गिरणी कामगार त्या इमारतीतल्या आकड्याची वाट बघत बसायचा आणि मी मिनेसोटातल्या साडेपाचाची. कापूस कुणालाच नको होता.

त्या संक्रांतीनंतर बरोबर चार महिन्यांनी, 14 मे 2018 ला, अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं 1992 चा तो केंद्रीय कायदा रद्द ठरवला ज्यामुळे नेवाडा सोडून जवळजवळ कुठंच अशी पैज कायदेशीर नव्हती. खटला लढणारं राज्य आमचंच, न्यू जर्सी. महिन्याभरात मॉनमथ पार्कच्या घोड्यांच्या रेसकोर्सवर गव्हर्नरनं पहिली पैज लावली. पुढे फोनवर ॲप आली. नदीपलीकडच्या न्यूयॉर्क राज्यात ॲपवरच्या पैजेला 2022 पर्यंत परवानगी नव्हती, तेव्हा लोक सायकलवरून जॉर्ज वॉशिंग्टन पुलाचं हे टोक गाठायचे, फोन काढायचे, पैज लावायचे आणि परत फिरायचे. आता सामन्याच्या जाहिरातींत एखादी तरी पैजेची असते, आणि तिच्या शेवटी धावत्या आवाजात मदतीच्या हेल्पलाइनचा नंबर. इतक्या वेगानं की तो लिहून घ्यायचा तर माणूस आधी सुधारलेला असावा लागतो. आमचा वीस डॉलरचा पूल मात्र मोडला. ज्याच्या त्याच्या खिशात बुकी आल्यावर कागद कोण भरतो.

त्याच वर्षी एनएफएलनं नियमही बदलला. वेळ संपता संपता टचडाऊन करून जिंकलं, तर आता ती किक मारायला कुणाला परत बोलावत नाहीत. मी लावायचं सोडलं, म्हणजे कधी धड सुरूच केलं नव्हतं. पण एक खोड राहिली. सामना बघताना कोपऱ्यातल्या गुणांकडे नजर गेली की आधी वजाबाकी होते. मुलगी म्हणते, "बाबा, आपण जिंकतोय ना?" तर मला उत्तर द्यायला एक सेकंद जास्त लागतो.

2019 च्या चैत्रात गावी गेलो तेव्हा जत्रा होती. आबा पंचांच्या सतरंजीवर बसलेले. गुडघ्यांमुळे आता उठून दंडाला हात लावत नाहीत, बसूनच बघतात. एक चौदा-पंधरा वर्षांचं पोरगं आलं, काळंसावळं, आखूड, छातीनं भरलेलं. त्याच्यासमोर उभा केलेला त्याच्यापेक्षा चार बोटं उंच आणि दिसायलाच भारी. वस्ताद म्हणत होते, लावा, चालतंय. मी मागून आबांच्या कानाशी वाकलो आणि म्हटलं, "बारक्याला साडेतीन द्या की."

आबांनी वळूनसुद्धा बघितलं नाही. उंच पोराला हातानं बाजूला केलं आणि ओरडले, "ह्याच्या अंगाचा आणा कुणीतरी!"

कुणी लगेच आलं नाही. हलगीवाल्यानं हलगी गुडघ्यावर ठेवून तंबाखू मळायला घेतली. पोरगं सतरंजीच्या कडेला तसंच उभं राहिलं, अंगाला तांबडी माती लावून, गर्दीत आपल्याएवढा कोण आहे ते शोधत.